ड्रम संचाचे ध्वनिमुद्रण : मायक्रोफोनची मांडणी

ड्रम संच एकच वादक वाजवीत असला, तरी ध्वनिमुद्रकाच्या दृष्टीने तो बेस ड्रम (पायाने वाजणारा मोठा ड्रम), स्नेअर (खालच्या कातड्यावर तारा ताणलेला ड्रम), टॉम (तारा नसलेले ड्रम), हाय-हॅट (पायाने उघडझाप होणारी झांजांची जोडी) आणि झांजा यांचा दाटीने बसलेला वाद्यसमूह असतो. एका वाद्यासाठी लावलेल्या माइकमध्ये शेजारच्या सगळ्यांचे आवाज शिरतात. त्यामुळे प्रत्येक माइक आपल्या वाद्यापासून किती दूर आहे, याइतकेच ते माइक एकमेकांच्या तुलनेत कुठे आहेत, हेही महत्त्वाचे ठरते.

हवेत ध्वनी एका मिलिसेकंदात सुमारे ३४ सेंमी. जातो. दोन माइकांपैकी एक स्नेअरपासून ३४ सेंमी. जास्त लांब असेल, तर त्याच्याकडे ठोका एक मिलिसेकंद उशिरा पोहोचतो. हे दोन्ही संकेत सारख्या पातळीवर मिसळले, की ५०० हर्ट्झच्या आसपासचे तरंग परस्परविरोधी कलांत (एकाच्या चढाला दुसऱ्याचा उतार) येऊन एकमेकांना खोडून काढतात आणि स्नेअर पोकळ वाजू लागते. हा दोष नंतर इक्वलायझरने (निरनिराळ्या स्वरपट्ट्यांची पातळी कमीजास्त करणाऱ्या साधनाने) भरून निघत नाही, म्हणून माइक लावतानाच मोजपट्टी किंवा दोरी हाताशी ठेवणे शहाणपणाचे.

याच तत्त्वावर ब्रिटिश ध्वनिमुद्रक ग्लिन जॉन्स यांची पद्धत उभी आहे. १९६८ साली लंडनच्या ऑलिम्पिक स्टुडिओत लेड झेपेलिन या रॉक बँडचा पहिला आल्बम करताना, एका माइकचा आवाज अनवधानाने स्टिरिओच्या एका बाजूला वळलेला राहिला आणि ड्रम अचानक रुंद ऐकू आले, अशी तिची जन्मकथा ते सांगतात. तीत एक माइक स्नेअरच्या वर सुमारे १ मी. उंचीवर टांगतात, दुसरा वादकाच्या उजव्या हाताला, फ्लोअर टॉमच्या (जमिनीवर उभ्या मोठ्या टॉमच्या) कडेपेक्षा थोडा वर, हाय-हॅटच्या दिशेने रोखून ठेवतात. स्नेअरच्या मध्यापासून दोघांचे अंतर सारखे असावे लागते. दोरीचे एक टोक स्नेअरच्या मध्यावर धरायचे, दुसरे पहिल्या माइकपर्यंत ताणून तिथे चिमटीत पकडायचे आणि तीच चिमूट दुसऱ्या माइकला टेकते का ते पाहायचे, एवढीच खटपट. जोडीला बेस ड्रमसाठी एक आणि गरज वाटल्यास स्नेअरसाठी एक माइक पुरतो. वादकाचा हात तोललेला असेल, तर एवढ्यावर फारसे काही कमी पडत नाही.

प्रत्येक वाद्याला स्वतंत्र माइक लावण्याची रीत आज अधिक रूढ आहे. स्नेअरवर बहुधा शुअर एसएम५७ हा डायनॅमिक माइक कडेच्या दोन-चार सेंमी. वर तिरपा लावतात आणि त्याची पाठ हाय-हॅटकडे करतात, कारण अशा कार्डिऑइड (मुख्यतः समोरचे टिपणाऱ्या) माइकला पाठीमागचे सर्वांत कमी ऐकू येते. तारांची खरखर टिपायला खालूनही माइक लावला, तर त्याची ध्रुवता (संकेताची धन-ऋण दिशा) उलटवावी लागते. कारण काठी पडताच वरचे कातडे वरच्या माइकपासून दूर, तर खालचे कातडे खालच्या माइककडे सरकते. बेस ड्रममध्ये माइक ठोकणीच्या जवळ नेला, की ठोक्याची टकटक वाढते. पुढच्या कातड्यातील छिद्राशी आणला, की आवाज गोल आणि खोल होतो. १९६६ साली ध्वनिमुद्रक जेफ एमेरिक यांनी ईएमआय स्टुडिओत बीटल्सचा ड्रमवादक रिंगो स्टार याच्या बेस ड्रममध्ये लोकरी स्वेटर कोंबून माइक नियमापेक्षा जवळ नेला, तेव्हा ते धाडसच होते.

झांजांसह संपूर्ण संच टिपण्यासाठी वर दोन कंडेन्सर (बारीक आवाजही टिपणारे, अधिक संवेदनशील) माइक असतात. एक्स-वाय मांडणीत दोघांची टोके जवळजवळ एकाच बिंदूवर असल्याने वेळेचा फरक पडत नाही, पण आवाजाचे डावे-उजवे चित्र अरुंद होते. फ्रेंच नभोवाणीत रुजलेल्या ओआरटीएफ मांडणीत दोन माइकांत १७ सेंमी. अंतर आणि ११० अंशांचा कोन ठेवतात.

खोलीही मुद्रित करायची असेल, तर माइक दूर नेतात. ध्वनिमुद्रक अँडी जॉन्स यांनी हेडली ग्रेंज या इंग्लंडमधील जुन्या वास्तूत लेड झेपेलिनचा ड्रमवादक जॉन बॉनम याचा संच जिन्याच्या तळाशी मांडून बायर एम१६० जातीचे दोन माइक जिन्यावरून खाली सोडले होते. लेड झेपेलिनच्या १९७१ च्या आल्बममधील अखेरच्या गीताचा अवाढव्य ठेका असा मिळाला. मात्र बुटक्या छताच्या खोलीत ही नक्कल करू नये. तिथे छतावरून परतलेला आवाज थेट आवाजाच्या मागोमाग येऊन झांजांना कर्कश करतो, म्हणून वरचे माइक खाली घ्यावेत आणि त्यांच्या माथ्यावर जाड ध्वनिशोषक गादी बसवावी.