उच्चभ्रू रस्ता

शहरातील ज्या निवासी रस्त्यावर घरांचे भाव आसपासच्या वस्तीपेक्षा कितीतरी पटींनी चढे असतात आणि जिथला नुसता पत्ताही प्रतिष्ठेचा मानला जातो, असा रस्ता. दोन गल्ल्या सोडून तेवढेच मोठे, तितकेच पक्के घर बऱ्याच कमी किमतीत मिळते. भाव असतो तो जागेचा. जागा मुळातच मोजकी. ती मोजकीच राहावी अशी तजवीजही केलेली असते, आणि खरी गोम तिथे आहे.

लंडनमधील केन्सिंग्टन पॅलेस गार्डन्स हा सुमारे ८०० मीटरचा रस्ता १८४० च्या दशकात राजवाड्याच्या भाजीमळ्यावर आखला गेला. दोन्ही टोकांना फाटके आणि पहारा. पायी जाणाऱ्याला कोणी अडवत नाही, मोटार मात्र वाटेल त्याला आत नेता येत नाही. जमीन क्राउन इस्टेटची, म्हणजे ब्रिटिश राजसत्तेच्या मालमत्तेतली. काही बंगल्यांत वकिलाती असल्याने बंदोबस्त आयताच मिळतो. न्यूयॉर्कच्या ग्रॅमर्सी पार्कची सगळी मिजास एका किल्लीत आहे. १८३१ मध्ये सॅम्युएल रगल्स या जमीन-विकासकाने सुमारे दोन एकरांची बाग भोवतालच्या घरमालकांपुरती राखून ठेवली. ती आजही कुलूपबंद असते. इतरांनी कुंपणाच्या गजांतून पाहायची.

कधी इतरांना दूर ठेवण्याचे हे काम सरळ कायद्याने केले. ब्रिटिश अमलाखालील हाँगकाँगच्या पीक या डोंगरमाथ्यावर चिनी लोकांनी राहू नये असा नियम १९०४ मध्ये झाला. तो १९४६ मध्ये रद्द झाला. आता निवड किंमतच करते.

रस्त्याचे नशीब पालटतेही. न्यूयॉर्कच्या पार्क अ‍ॅव्हेन्यूवरून एकेकाळी वाफेची इंजिने धूर ओकत जात. १९०२ मध्ये तिथल्या बोगद्यात धुराने सिग्नल दिसेनासा होऊन दोन गाड्यांची टक्कर झाली. पुढे विजेची इंजिने आली, रूळ झाकले गेले आणि वर धनिकांच्या इमारती उभ्या राहिल्या. लिफ्टनेही असाच उलटफेर केला. पूर्वी छपराखालच्या खोल्या नोकरांच्या असत, आता सर्वांत वरचा मजला सर्वांत महाग. त्याच शहरातील ५७ व्या स्ट्रीटवर बिल्डर शेजारच्या इमारतींचे न वापरलेले बांधकाम-हक्क विकत घेऊन मजले चढवतात, ते सेंट्रल पार्क दिसावा म्हणून.

निव्वळ निवासी उच्चभ्रू रस्त्यावर दुकान सहसा नसते. काडेपेटीसाठीही बाहेर जावे लागते. अर्थात ती आणायला मालक जात नाहीत.