एकाच बिल्डिंगमधून आलेले अनेक आवाज, आणि ते मोजताना चुकणारा आपला मेंदू

सेंट पीटर्सबर्गमध्ये साव्हुश्किना नावाचा रस्ता आहे आणि त्यावर ५५ नंबरची एक चार मजली ऑफिस बिल्डिंग. २०१४-१५ च्या सुमाराला तिथे शेकडो तरुण पोरंपोरी बारा-बारा तासांच्या शिफ्टमध्ये बसून इंटरनेटवर लिहायची, कोणी कमेंट टाकायचं, कोणी खोट्या नावाने ब्लॉग चालवायचं, कोणी कार्टून बनवायचं. ही ती जगभर गाजलेली ट्रोल फॅक्टरी, कागदोपत्री नाव इंटरनेट रिसर्च एजन्सी. आणि त्याच पत्त्यावर आणखी एक संस्था होती जिच्याबद्दल आपल्याकडे फारसं कोणी बोलत नाही, फेडरल न्यूज एजन्सी, रशियात तिला रिया फान म्हणतात, आपण नुसतं फान म्हणू. ही दिसायला व्यवस्थित न्यूज साइट होती बरं का, संपादक होते, रिपोर्टर होते, सीरियातून आणि पूर्व युक्रेनमधून बातम्या यायच्या, सोबत शहरातल्या रोजच्या घडामोडी पण असायच्या. फक्त या सगळ्यामागे एकच माणूस होता, येव्गेनी प्रिगोझिन, रशियन उद्योगपती आणि वॅग्नर नावाची भाडोत्री फौज उभी करणारा.

प्रिगोझिनची गोष्ट बहुतेकांना माहीत आहे. मला या लेखात जे सांगायचंय ते त्याच्याबद्दल कमी आणि आपल्या मेंदूबद्दल जास्त आहे, कारण फानसारखी साइट का चालते याचं उत्तर मॉस्कोत जितकं आहे तितकंच मानसशास्त्राच्या प्रयोगांमध्ये आहे.

आधी तिथलं काम कसं चालायचं ते बघू. ल्युदमिला साव्चुक नावाची पत्रकार २०१५ च्या सुरुवातीला मुद्दाम त्या ट्रोल फॅक्टरीत नोकरीला लागली, दोन-अडीच महिने राहिली आणि सगळं बाहेर आणलं. तिच्या टीमने एक काल्पनिक ज्योतिषीणबाई तयार केली होती, ती ब्लॉगवर ग्रह-तारे, नातेसंबंध, वजन कमी कसं करायचं असलं लिहायची आणि मधूनच तिला युक्रेनचं किंवा अमेरिकेचं भविष्य पण दिसायचं. राजकारण वाचायला न आलेल्या माणसापर्यंत राजकारण पोचवायची ही पद्धत. साव्चुकने नंतर कंपनीवर केस केली आणि २०१५ मध्येच कोर्टाने तिला एक रुबल नुकसानभरपाई दिली. रक्कम प्रतीकात्मकच होती, पण ती फॅक्टरी खरोखर आहे हे त्या केसमुळे कोर्टाच्या रेकॉर्डवर आलं आणि म्हणून त्या एका रुबलला मी फार मानतो.

आता फान यात कुठे बसते? समजा एक कमेंट करणारा म्हणाला की अमुक झालं, तर लोक विचारतात पुरावा काय. मग तो फानची लिंक देतो. फान लिहिते की सोशल मीडियावर लोक अमुक म्हणतायत. आणि त्याच मालकाच्या दुसऱ्या साइट फानचा हवाला देऊन तेच छापतात. रशियातल्याच आरबीके या माध्यमाने २०१७ मध्ये शोध घेतला तेव्हा या कुटुंबातल्या तब्बल १६ साइट त्यांना सापडल्या, नेव्स्किये नोवोस्ती, पोलितिका सेवोद्न्या, एकोनोमिका सेवोद्न्या वगैरे, आणि २०१९ मध्ये तर यातल्या काही साइट पॅट्रियट नावाच्या मीडिया ग्रुपखाली उघडपणे एकत्र आल्या. वाचणाऱ्याला वाटतं चार ठिकाणी आलंय म्हणजे काहीतरी असणार.

हे जे ‘चार ठिकाणी आलंय’ आहे ना, यावर येल विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१९ मध्ये फार सुंदर प्रयोग प्रसिद्ध केले. लोकांना एखाद्या प्रश्नावर, उदाहरणार्थ जपानची अर्थव्यवस्था सुधारेल का यावर, लेख वाचायला दिले. एका गटाच्या लेखांमध्ये प्रत्येक लेखाचा मूळ सोर्स वेगळा होता, दुसऱ्या गटाचे लेख तेवढेच पण सगळे फिरून फिरून एकाच मूळ सोर्सवर उभे. दोन्ही गटांचा विश्वास सारखाच निघाला. आणि यातलं मला सगळ्यात अस्वस्थ करणारं म्हणजे, काही लोकांना आधी सरळ विचारलं होतं की वेगवेगळे सोर्स जास्त भरवशाचे की एकच सोर्स, ते म्हणाले अर्थातच वेगवेगळे, आणि लगेच पुढच्या मिनिटाला त्यांनी पण तीच चूक केली. सोसायटीत चार जणांनी सांगितलं की उद्या पाणी येणार नाही, तर आपण बादल्या भरायला लागतो, त्या चौघांना एकाच वॉचमनने सांगितलं असेल हा विचार आपल्या डोक्यात येतच नाही.

हे झालं किती जण बोलतायत याबद्दल. आता एकच गोष्ट पुन्हापुन्हा कानावर पडली तर काय होतं ते बघा. १९७७ मध्ये अमेरिकेत हॅशर, गोल्डस्टीन आणि टॉपिनो या तिघांनी कॉलेजच्या मुलांना सामान्य ज्ञानाची वाक्यं दिली, काही खरी काही खोटी, आणि प्रत्येक वाक्य कितपत खरं वाटतं याला १ ते ७ मध्ये मार्क द्यायला सांगितले. दोन-दोन आठवड्यांनी असं तीन वेळा केलं आणि काही वाक्यं प्रत्येक वेळी परत टाकली. परत आलेल्या वाक्यांचे मार्क सरासरी ४.२ वरून ४.६ आणि मग ४.७ झाले, नवीन वाक्यांचे तसे वाढले नाहीत. पुरावा काहीच वाढला नव्हता, फक्त ओळख वाढली होती. मेंदूला जे वाचायला सोपं जातं ते त्याला खरं वाटायला लागतं, इतकं की १९९९ च्या एका अभ्यासात नुसता अक्षरांचा रंग पार्श्वभूमीवर ठळक उठून दिसेल असा ठेवला तरी वाक्य थोडं जास्त खरं वाटलं.

यावर आपण म्हणतो की हे अडाणी लोकांना लागू, मला माहीत असलेल्या गोष्टीत मी कसा फसेन. तर लिसा फेझिओ आणि सहकाऱ्यांनी २०१५ मध्ये नेमकं हेच तपासलं. त्यांच्या यादीत एक वाक्य असं होतं की स्कॉटलंडचे लोक जो आखूड चुण्यांचा स्कर्ट घालतात त्याला साडी म्हणतात. आपल्याला हसू येईल, पण तिथल्या विद्यार्थ्यांना पण अशा वाक्यांमधली खरी उत्तरं माहीत होती, वेगळ्या टेस्टमध्ये त्यांनी ती बरोबर दिली, आणि तरीही आधी एकदा वाचलेलं खोटं वाक्य त्यांना न वाचलेल्यापेक्षा जास्त खरं वाटलं. म्हणजे ज्ञान डोक्यात असून ते त्या क्षणी वापरलं जात नाही. पुढे २०१८ मध्ये पेनीकूक, कॅनन आणि रँड यांनी फेसबुकवरच्या खऱ्याखुऱ्या फेक न्यूजच्या हेडलाइन घेऊन हेच केलं, एकदा दिसलेली हेडलाइन सुद्धा पुढच्या वेळी जास्त खरी वाटली, आणि तिच्याखाली ‘फॅक्टचेकर्सचा यावर आक्षेप आहे’ असं लिहिलेलं असतानासुद्धा.

पण आवाज अनेक दाखवले की दरवेळी जमतंच असं नाही. ११ सप्टेंबर २०१४ ला अमेरिकेत लुइझियाना राज्यातल्या सेंट मेरी पॅरिश या जिल्ह्यात लोकांना मेसेज आले की केमिकल प्लांटमध्ये स्फोट झालाय, विषारी धूर पसरतोय. ट्विटरवर शेकडो अकाउंट बोलायला लागली, सीएनएनच्या पानाचा खोटा स्क्रीनशॉट आला, व्हिडिओ आला. स्फोट झालाच नव्हता, आणि या खोट्याचा माग नंतर ट्रोल फॅक्टरीपर्यंत जाऊन पोचला. मात्र खोटं काही तासांतच पडलं, कारण प्लांट जागेवर होता, कंपनीने सांगितलं काही झालं नाही, लोक जाऊन बघू शकत होते. सीरियातल्या गावात काय झालं हे वाचणाऱ्याला जाऊन बघता येत नाही, आणि फानसारख्या साइटला खरी जागा मिळते ती तिथे.

फानच्या भानगडी पण थोडक्यात सांगायला हव्यात. २०१५ मध्ये ट्रोल फॅक्टरीवर लिहायला आलेल्या एका अमेरिकन पत्रकाराला तिथे काम केलेल्या एका बाईने मुलाखत द्यायचं कबूल केलं, तिच्यासोबत तिचा भाऊ म्हणून एक नवनाझी आला, आणि मग फानने बातमी छापली की हा अमेरिकन पत्रकार नाझींना भेटतो. बातमी आधी घडवायची आणि मग द्यायची, हे मला साध्या खोटेपणापेक्षा जास्त घाणेरडं वाटतं. एप्रिल २०१८ मध्ये फेसबुकने ट्रोल फॅक्टरीशी जोडलेली दोनशेहून जास्त पेजेस आणि अकाउंट काढली त्यात फानचं पेज पण गेलं, तर फानने कॅलिफोर्नियाच्या कोर्टात फेसबुकवरच अभिव्यक्तिस्वातंत्र्याची केस टाकली. २०१९ मध्ये कोर्टाने ती फेटाळली, फेसबुक म्हणजे सरकार नाही असं कोर्टाचं म्हणणं. मधल्या काळात डिसेंबर २०१८ मध्ये अमेरिकेच्या ट्रेझरी खात्याने फानवर निर्बंध घातले होते. प्रिगोझिन मात्र वर्षानुवर्षं म्हणत राहिला की माझा काही संबंध नाही, आणि मग फेब्रुवारी २०२३ मध्ये स्वतःच सांगून मोकळा झाला की ट्रोल फॅक्टरी मीच काढली आणि बराच काळ चालवली. चार महिन्यांनी, जून २०२३ मध्ये त्याने रशियाच्या लष्करी नेतृत्वाविरुद्ध वॅग्नरचं बंड केलं, ते एका दिवसात आटपलं, आणि ज्या रशियन सरकारची बाजू फान इतकी वर्षं लावून धरत होती त्याच सरकारने तिची साइट ब्लॉक केली. महिनाअखेरीस पॅट्रियट ग्रुप बंद झाल्याचं जाहीर झालं. ऑगस्टमध्ये प्रिगोझिन विमान कोसळून गेला.

ट्रोल फॅक्टरीने अमेरिकेच्या २०१६ च्या अध्यक्षीय निवडणुकीतही खोट्या अकाउंटवरून मजकूर टाकला होता, त्यामुळे एवढं वाचून वाटेल की या लोकांनी ती निवडणूक फिरवली. इथे मला थांबून नीट सांगायचंय, कारण या विषयावर लिहिणारे बरेच जण इथेच घाई करतात. फेसबुकने सांगितलं होतं की ट्रोल फॅक्टरीचा मजकूर १२.६ कोटी अमेरिकनांपर्यंत पोचला असू शकतो, आकडा ऐकून घाबरायला होतं, पण पोचणं आणि मत बदलणं यात फार अंतर आहे. २०२३ मध्ये नेचर कम्युनिकेशन्समध्ये आलेल्या अभ्यासात जवळपास १५०० अमेरिकन ट्विटर युजर्सचा २०१६ चा डेटा आणि त्यांनी सर्व्हेत दिलेली उत्तरं जुळवून बघितली. तर जेवढा रशियन मजकूर दिसला त्यातला ७० टक्के फक्त १ टक्का लोकांना दिसला होता, ते बहुतेक आधीपासूनच पक्के रिपब्लिकन होते, आणि मतं किंवा मतदान बदलल्याचा ठोस संबंध सापडला नाही. हा फक्त ट्विटरचा अभ्यास आहे, फेसबुक-इन्स्टाग्रामबद्दल तो काही सांगत नाही, पण ट्रोलांना जादूगार समजू नये एवढं तर त्यातून कळतं.

मग नुकसान कुठे होतं? माझ्या मते भांडणात. २१ मे २०१६ ला ह्यूस्टनमधल्या एका इस्लामिक सेंटरबाहेर दोन गट समोरासमोर आले, एक इस्लामच्या विरोधात आणि एक बाजूने, दोघांना बोलावणारी फेसबुक पेजेस पीटर्सबर्गहून चालत होती आणि खर्च आला होता साधारण २०० डॉलर. लसीचंही तसंच. ब्रोनियाटोव्स्की आणि सहकाऱ्यांनी २०१८ मध्ये दाखवलं की रशियन ट्रोल लसीच्या बाजूने पण लिहीत होते आणि विरोधात पण, म्हणजे ज्या प्रश्नावर विज्ञानात वाद उरलेलाच नाही तिथे दोन्ही बाजू सारख्या आहेत असा देखावा तयार करायचा. एखाद्या आईला त्यामुळे नुसती शंका आली, बाळाचा डोस पुढे ढकलला, तरी झालेलं नुकसान खरं आहे आणि ते कुठल्या निवडणुकीच्या आकड्यात दिसत नाही.

यावर उपाय नाहीच असं नाही. २०२० च्या एका अभ्यासात लोकांना वाक्य पहिल्यांदा वाचतानाच ‘हे खरं आहे का’ असं विचारलं, तर ज्या गोष्टी त्यांना मुळात माहीत होत्या तिथे पुन्हा वाचल्याचा परिणाम गळून पडला. फॅमिली ग्रुपवरचा फॉरवर्ड उघडताना आपण सहसा ‘इंटरेस्टिंग आहे का’ एवढंच बघतो, प्रश्न बदलला की मेंदू आपलं ज्ञान बाहेर काढतो. दुसरं, स्टॅनफर्डच्या संशोधकांनी इतिहासाचे प्राध्यापक, विद्यार्थी आणि प्रोफेशनल फॅक्टचेकर्स यांना अनोळखी साइट तपासायला दिल्या. प्राध्यापक आणि विद्यार्थी ती साइटच मन लावून वाचत बसले, लोगो बघितला, भाषा बघितली. फॅक्टचेकर्सनी काही सेकंदांत नवीन टॅब उघडला आणि ही साइट कोणाची आहे, बाकीचे हिच्याबद्दल काय म्हणतात ते शोधलं, आणि कमी वेळात जास्त बरोबर ठरले. फानची साइट आतून कितीही वेळ वाचली असती तरी तिचा मालक कळला नसता.

फान गेली, पण तिची पद्धत आता मशीनसाठी वापरली जातेय. २०२४ मध्ये फ्रान्सच्या सरकारी यंत्रणेने प्राव्दा नावाचं साइट्सचं एक जाळं उघड केलं, पुढे त्यात दीडशेच्या आसपास डोमेन आणि डझनावारी भाषा मोजल्या गेल्या, रशियन एजन्सी आणि टेलिग्राम चॅनलचा मजकूर आपोआप भाषांतर होऊन तिथे पडतो, वर्षाला लाखोंनी लेख, आणि वाचायला माणसं जवळपास नाहीतच. मग ते कोणासाठी? बहुधा चॅटबॉटसाठी, कारण ते इंटरनेटवरचाच मजकूर वाचून उत्तरं देतात. न्यूजगार्ड या बातम्यांच्या साइट तपासणाऱ्या संस्थेने मार्च २०२५ मध्ये दहा चॅटबॉट तपासले तर साधारण ३३ टक्के वेळा त्यांनी या जाळ्यातले खोटे दावे परत सांगितले. नंतरच्या दुसऱ्या एका अभ्यासात हे प्रमाण बरंच कमी निघालं, आणि त्या संशोधकांचं म्हणणं असं की ज्या बारीक विषयावर चांगली पानंच नाहीत तिथे चॅटबॉट हाताला लागेल ते उचलतो. मला हे दुसरं स्पष्टीकरण जास्त पटतं, आणि मराठीसाठी जास्त काळजीचं पण तेच वाटतं. युक्रेन, सीरिया, लसी, हवामान, यातल्या कितीतरी गोष्टींवर मराठीत मूळ सोर्ससकट लिहिलेली पानं हाताच्या बोटावर मोजण्याइतकी आहेत, त्यामुळे मराठी विकिपीडियावर संदर्भ जोडत बसणारे आणि मराठीत फॅक्टचेक लिहिणारे जे थोडे लोक आहेत त्यांनी लिहिलेलं एकेक पान इंग्रजीतल्या हजार पानांपेक्षा जास्त जागा भरतं.