कौतुक केलं, पण आभार मानले का?

वडिलांच्या आजारपणात बहीण रात्ररात्र जागते. एक भाऊ तिला म्हणतो, "तू खरंच फार धीराची आहेस." दुसरा म्हणतो, "तू जागलीस म्हणून मला चार तास झोप मिळाली आणि सकाळी कामावर जाता आलं." दोन्ही वाक्यं मनापासूनची आहेत. पण पहिलं कौतुक आहे आणि दुसरी कृतज्ञता. बोलताना आपण ही दोन सर्रास एकमेकांच्या जागी वापरतो. एखाद्याच्या वाट्याला कौतुक भरपूर येतं आणि तरीही तो आतून दुखावलेला असतो, त्याचं कारण पुष्कळदा या अदलाबदलीत असतं असं मला वाटतं.

फरक ओळखायची एक सोपी कसोटी आहे. हेच वाक्य एखादा तिऱ्हाईतही म्हणू शकेल का? "फार धीराची आहेस" हे दवाखान्यातल्या शेजारच्या खाटेवरचा माणूसही म्हणू शकतो. त्याला फक्त पाहावं लागतं. "मला झोप मिळाली" हे ज्याला मिळाली तोच म्हणू शकतो. कौतुक करणारा बाहेर उभा राहून समोरच्याचं मोल ठरवतो. कृतज्ञता व्यक्त करणारा त्या गोष्टीत स्वतः असतो: मला गरज होती, ती तू भागवलीस, एकट्याने मला हे जमलं नसतं. एवढं कबूल करायला थोडं वाकावं लागतं. कौतुकात तसं वाकावं लागत नाही, म्हणून ते तोंडातून लवकर निघतं.

दिशेचाही फरक आहे. कौतुक बहुधा वरून खाली येतं. मोठ्यांनी लहानांची पाठ थोपटावी हे साहजिक वाटतं. नातवाने आजोबांना "शाबास" म्हटलं तर कानाला खटकतं. खालून वर जाताना कौतुकाला आदराचं रूप घ्यावं लागतं, नाहीतर ती खुशामत वाटते. कृतज्ञतेला असा चढउतार नाही. आजोबा नातवाचे आभार मानू शकतात, साहेब शिपायाचे मानू शकतात, आणि त्यात कोणीच लहान होत नाही.

आदर आणि भक्तिभाव यांची जात कौतुकाच्या जवळची. ज्याने माझ्यासाठी काहीही केलेलं नाही, ज्याला मी कधी भेटणारही नाही, अशा माणसापुढेही मी मनोमन नतमस्तक होऊ शकतो. प्रार्थनेतही हे दोन सूर वेगळे ऐकू येतात: एकात तू कसा आहेस याचं गुणगान असतं, दुसऱ्यात तू मला काय दिलंस याची आठवण. दोन्हींना आपापली जागा आहे. अडचण येते ती एकाने दुसऱ्याचं देणं फेडायचा प्रयत्न केला की.

कौतुक ते कसं करतं? माणसाला उंच बसवून. "आई म्हणजे देवी, तिला थकवा माहीतच नाही" असं एकदा म्हटलं की तिच्या थकव्याकडे पाहायची गरज उरत नाही. "तो काय, कामाचा वाघ आहे" म्हटलं की सुट्टीच्या दिवशी त्यालाच बोलावणं सोपं जातं. जे काम कोणीतरी आपल्यासाठी केलं, ते त्याच्या स्वभावाचा भाग ठरतं, आणि स्वभावासाठी कोणी कोणाचं देणं लागत नाही. २०२० मध्ये महासाथीच्या सुरुवातीच्या महिन्यांत अनेक देशांत लोकांनी खिडक्यांत उभं राहून आरोग्य कर्मचाऱ्यांसाठी टाळ्या वाजवल्या. त्यामागची भावना खरी होती आणि ती अनेकांपर्यंत पोचलीही. पण त्याच कर्मचाऱ्यांतून आवाज उठत होते की आम्हाला वीर म्हणण्याआधी पुरेसे मास्क आणि संरक्षक पोशाख द्या. कृतज्ञ माणूस असं मागणं ऐकतो, कारण आपल्यासाठी समोरच्याला काय सोसावं लागलं हे त्याने आधीच लक्षात घेतलेलं असतं.

समोरच्यावर या दोन्हींचा परिणामही निराळा होतो. ॲडम ग्रँट आणि फ्रान्चेस्का जिनो यांचे २०१० मध्ये प्रसिद्ध झालेले प्रयोग इथे फार बोलके आहेत. एका विद्यार्थ्याला नोकरीच्या अर्जासोबतचं पत्र सुधारायला लोकांनी मदत केली. मग त्याने आणखी एक पत्र तपासून मागितलं. ज्यांना पहिल्या मदतीची नुसती पोच मिळाली होती, त्यांच्यापैकी ३२ टक्के लोकांनी पुन्हा मदत केली. ज्यांचे आभार मानले होते, त्यांच्यात हे प्रमाण ६६ टक्के होतं. आभारांमुळे लोकांना आपण अधिक हुशार आहोत, कुशल आहोत असं वाटल्याने हा फरक पडला नव्हता. आपण कोणाच्या तरी उपयोगी पडलो, आपली किंमत झाली, या जाणिवेने तो पडला होता.

मुलांच्या बाबतीत मी या फरकाला सर्वात जास्त महत्त्व देईन. क्लॉडिया म्युलर आणि कॅरॉल ड्वेक यांनी १९९८ मध्ये दाखवून दिलं की "तू किती हुशार आहेस" अशी शाबासकी मिळालेली मुलं पुढची अवघड कोडी समोर आल्यावर लवकर हिरमुसली आणि त्यानंतर त्यांची कामगिरी घसरली. मेहनतीची दाद मिळालेली मुलं टिकून राहिली. हा दोन प्रकारच्या कौतुकांमधला फरक झाला. पण प्रत्येक वेळी कौतुकच कशाला? मुलाने दार धरून ठेवलं, तर "शहाणं माझं बाळ" म्हणण्याऐवजी "तू दार धरलंस म्हणून माझ्या हातातलं सामान पडलं नाही" असं म्हणता येतं. पहिल्या वाक्यात मूल पास झालेलं असतं, आणि पुन्हा नापास होण्याची भीती त्याच्या मागे लागते. दुसऱ्यात त्याने मदत केलेली असते, एवढंच. तिथे परीक्षा नसते.

उलट चूकही होते. एखाद्याने जीव ओतून लिहिलेली कविता दाखवली आणि आपण "पाठवल्याबद्दल आभार" एवढंच म्हटलं, तर ते क्रूर वाटू शकतं. तिथे त्याला दाद हवी असते: कुठली ओळ आवडली, कुठे शब्द नेमका बसला. गाणारा, शिकणारा, एखादं कौशल्य घासूनपुसून घडवणारा माणूस आपल्या कामाकडे कोणीतरी नीट पाहावं म्हणून आसुसलेला असतो. काम केवळ माझ्यासाठी केलेलं नसेल, तर माझ्या फायद्याची भाषा अपुरीच पडते.

आणि ही दोन एकमेकांची वैरी नाहीत. मानसशास्त्रज्ञ सारा अल्गो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जोडप्यांचं आपसातलं आभाराचं बोलणं तपासलं. "मला बरं वाटलं, माझं काम झालं" एवढ्यावर न थांबता "यातून तुझा चांगुलपणा दिसला" हेही ज्यांनी बोलून दाखवलं, त्यांच्या जोडीदारांना ते आभार अधिक भिडले. म्हणजे उत्तम कृतज्ञतेच्या पोटात कौतुक असतंच, फक्त ते एका घडलेल्या गोष्टीला बांधलेलं असतं. "तुझं स्वतःचं काम अर्धवट टाकून तू आलास, माझी घाई तुझ्या लक्षात आली. तुला माणसं कळतात." यातलं शेवटचं वाक्य एकटं असतं तर पोकळ वाटलं असतं.

प्रत्येक लहानसहान गोष्टीसाठी आभार मानलेच पाहिजेत असं मात्र नाही. सिमेऑन फ्लॉइड आणि सहकाऱ्यांनी २०१८ मध्ये पाच खंडांतल्या आठ भाषांमधलं घरगुती संभाषण अभ्यासलं. कोणी काही मागितलं आणि ते मिळालं, की साधारण वीसांत एकदाच शब्दांनी आभार मानले गेले. जवळच्या माणसांत "ते दे" आणि "घे" यांच्यामध्ये विश्वासच असतो, आणि तिथे सतत औपचारिक बोलणं परकेपणा आणू शकतं. शब्द हवेत ते जिथे कोणी नेहमीच्या वाट्याहून जास्त उचललं आहे तिथे, किंवा जे रोज उचललं जातं म्हणूनच दिसेनासं झालं आहे तिथे.

अशा जागी आपण गप्प का राहतो याचंही उत्तर संशोधनात सापडतं. अमित कुमार आणि निकोलस एप्ली यांनी लोकांना कृतज्ञतेची पत्रं लिहायला लावली. वाचणाऱ्याला अवघडल्यासारखं होईल हा लिहिणाऱ्यांचा अंदाज फुगवलेला निघाला, आणि त्याला किती आनंद होईल हा अंदाज तोकडा. लिहिणारे शब्द जमतील का याची चिंता करत होते, वाचणारे त्यातली आपुलकी पाहत होते. त्यामुळे जुन्या शिक्षकांना किंवा त्या जागलेल्या बहिणीला लिहायचं असेल, तर भारदस्त विशेषणं शोधत बसू नये. तुम्ही काय केलंत, त्यासाठी तुम्हाला काय सोडावं लागलं, माझं त्याने काय झालं, हे मोडक्यातोडक्या वाक्यांत लिहिलं तरी पुरतं.