पुण्याची हद्द आणि हद्दीपलीकडचं पुणे

औंधहून मुळा ओलांडून सांगवीत गेलं की महापालिका बदलते, पुण्याची संपून पिंपरी-चिंचवडची सुरू होते. खडकी बाजारात शिरलं की कारभार कॅन्टोन्मेंट बोर्डाचा, म्हणजे पर्यायाने संरक्षण मंत्रालयाचा. हिंजवडीत ग्रामपंचायत, एमआयडीसी आणि पीएमआरडीए (पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरण) असे तिघे आहेत, त्यामुळे रस्त्यावर पाणी तुंबलं की नेमकं कुणाला धरायचं हे तिथे राहणाऱ्यांनाही चटकन सांगता येत नाही. ही विभागणी दोनशे वर्षांत थरावर थर चढत झाली आहे.

पहिला थर लष्कराचा. 1817 मध्ये खडकीच्या लढाईत पेशव्यांचा पराभव झाला आणि इंग्रजांनी शहराबाहेर छावण्या वसवल्या. त्यातून पुणे आणि खडकी ही कॅन्टोन्मेंट उभी राहिली. स्वातंत्र्यानंतर देहूरोड हे तिसरं कॅन्टोन्मेंट झालं. 15 फेब्रुवारी 1950 रोजी शहर आणि उपनगर अशा दोन नगरपालिका एक करून पुणे महापालिका स्थापन झाली, पण छावण्या तिच्या बाहेरच राहिल्या. शहराच्या मधोमध वेगळ्या कायद्याने चालणारा भाग तेव्हापासून तसाच आहे.

दुसरा थर कारखान्यांचा. 1954 मध्ये पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स सुरू झाली, साठच्या दशकात एमआयडीसी आली आणि कामगारांची वस्ती झपाट्याने वाढली. 1970 मध्ये पिंपरी, चिंचवड, आकुर्डी आणि भोसरी मिळून नगरपालिका झाली, 1982 मध्ये तिची महापालिका झाली. मधल्या काळात, 1972 मध्ये, पिंपरी-चिंचवड नवनगर विकास प्राधिकरण आलं. प्राधिकरणाने शेतकऱ्यांच्या जमिनी संपादित करून आखीव पेठा वसवल्या. निगडी-आकुर्डीकडचे रुंद, सरळ रस्ते त्या आखणीची साक्ष देतात. पण प्राधिकरण लोकांनी निवडून दिलेलं नव्हतं. जमीन गेलेल्या कुटुंबांना साडेबारा टक्के परताव्यासाठी, म्हणजे गेलेल्या जमिनीच्या तेवढ्या हिश्शाचा विकसित भूखंड परत मिळवण्यासाठी, दशकानुदशकं झगडावं लागलं आणि दाद मागायला मतपेटी नव्हती. 2021 मध्ये प्राधिकरण पीएमआरडीएत विलीन झालं.

पुण्याच्या बाजूला मात्र आधी घरं आणि मग हद्द असंच होत आलं. 1997 मध्ये 38 गावं महापालिकेत घेतली. कर आणि जमिनींवरच्या आरक्षणांवरून विरोध पेटला आणि 2001 मध्ये 15 गावं पूर्ण व 5 अंशतः वगळली. वगळल्याने बांधकाम थांबलं नाही. शेतजमिनीचे गुंठे पडले, गुंठ्यांवर इमारती चढल्या आणि ड्रेनेज ओढ्यात सोडलं गेलं. 2017 मध्ये 11 गावं पुन्हा आत आली, 30 जून 2021 रोजी आणखी 23 आली. पुणे महापालिकेचं क्षेत्र पाचशे चौरस किलोमीटरच्या पुढे, मुंबईपेक्षाही मोठं झालं.

आणि मग घोळ झाला तो इथे. गावं महापालिकेत आली त्याच्या दुसऱ्याच महिन्यात राज्य सरकारने त्या 23 गावांसाठी नियोजन प्राधिकरण म्हणून पीएमआरडीएला नेमलं. म्हणजे बांधकाम परवानगी आणि विकास शुल्क एकाकडे. पाणी, कचरा आणि ड्रेनेजची जबाबदारी दुसऱ्याकडे. वाघोलीत, नऱ्ह्यात, सूसमध्ये फ्लॅट घेतलेली माणसं मिळकतकर महापालिकेला भरतात आणि सोसायटीच्या मेंटेनन्समधून टँकरचंही बिल चुकवतात. ही व्यवस्था अन्यायाची आहे असं मला स्पष्ट वाटतं.

जानेवारी 2025 मध्ये गियान-बारे सिंड्रोम (जीबीएस) या मज्जातंतूंच्या आजाराचे रुग्ण वाढले ते बहुतांशी सिंहगड रस्त्याच्या, नव्याने हद्दीत आलेल्या गावांच्या पट्ट्यात: नांदेडगाव, किरकटवाडी, धायरी, खडकवासला. तेव्हा दूषित पाण्याच्या संशयाने लक्ष गेलं नांदेडगावच्या विहिरीकडे. आसपासच्या वस्त्यांना तिथलं पाणी जात होतं, पण ते शुद्धीकरण केंद्रातून येत नव्हतं. खडकवासला धरणाच्या पायथ्याशी राहणाऱ्यांना शहरासारखं शुद्ध पाणी मिळत नव्हतं.

फुरसुंगी आणि उरुळी देवाचीचं दुखणं आणखी जुनं. शहराचा कचरा वर्षानुवर्षं त्यांच्या शिवारात पडला, तेव्हा ती गावं हद्दीबाहेर होती आणि ज्या महापालिकेच्या गाड्या येत होत्या तिथे त्यांचं मत नव्हतं. 2017 मध्ये त्यांना आत घेतलं. 2024 मध्ये पुन्हा बाहेर काढून त्यांची स्वतंत्र नगर परिषद केली.

सगळ्या प्रदेशाचा एकत्र विचार व्हावा ही कल्पना नवी नाही. पुणे महानगर प्रदेश 1967 मध्येच अधिसूचित झाला होता. 74 व्या घटनादुरुस्तीने दहा लाखांवरच्या महानगर क्षेत्रासाठी नियोजन समिती बंधनकारक केली आणि तिचे किमान दोन तृतीयांश सदस्य नगरसेवक व सरपंचांसारख्या लोकप्रतिनिधींनी आपल्यातून निवडावेत असं सांगितलं. या समित्यांसाठी महाराष्ट्राचा कायदा 1999 मध्ये झाला. पण पुण्यात खरी ताकद आली ती 2015 मध्ये स्थापन झालेल्या पीएमआरडीएकडे, आणि तिचे अध्यक्ष मुख्यमंत्री असतात. त्यात भर म्हणजे मार्च 2022 मध्ये दोन्ही महापालिकांची मुदत संपली आणि पुढे जवळपास चार वर्षं तिथे प्रशासकच होते. म्हणजे त्या काळात वॉर्डापासून महानगरापर्यंत नगरसेवक म्हणून जाब विचारणारं कुणीच उरलं नव्हतं.

एकत्र कारभार अशक्य आहे असंही नाही. 2007 मध्ये पुणे आणि पिंपरी-चिंचवडच्या वेगवेगळ्या बससेवा, पीएमटी आणि पीसीएमटी, एक करून पीएमपीएमएल झाली. तिच्या तोट्याचा भार दोन्ही महापालिका ठरलेल्या वाट्याने उचलतात. बस कमी असल्याची तक्रार खरी आहे, तरी निगडीहून कात्रजला जाताना हद्द आड येत नाही.

जमिनीच्या बाबतीत असं काही घडलं नाही. पीएमआरडीएने 2021 मध्ये प्रारूप विकास आराखडा जाहीर केला. त्यावर हजारो हरकती आल्या, प्रकरण न्यायालयात गेलं आणि 2025 मध्ये राज्य सरकारने आराखडाच रद्द केला. त्यामुळे मुळशी, मावळ आणि खेडच्या गावांत आज उभ्या राहणाऱ्या इमारतींसाठी जमिनीच्या वापराचा आधार आहे तो 1997 चा प्रादेशिक आराखडा. त्या वर्षी हिंजवडीचं आयटी पार्क जेमतेम आकाराला येत होतं.