लाल दिसला तर वाट तुम्ही द्यायची

गोंदियाजवळ बिरसी विमानतळाच्या आसपास धानाच्या बांध्यांत रोवणी करणाऱ्या बायामाणसांना प्रशिक्षणाच्या छोट्या विमानांचं आता नवल वाटत नाही. एकच विमान सकाळपासून दहादा डोक्यावरून जातं, उतरल्यासारखं करतं आणि चाकं टेकली न टेकली की पुन्हा उठतं. बघणाऱ्याला वाटतं, पोरगं नुसतं फेऱ्या मारतंय. पण या फेरीला ‘सर्किट’ म्हणतात आणि तिचा आकार आखलेला असतो : जमिनीपासून साधारण १,००० फुटांवर, धावपट्टीला धरून एक लांबट चौकोन. वेगळी सूचना नसेल तर सगळी वळणं डावीकडे. कप्तान डाव्या खुर्चीत बसतो, त्यामुळे डावीकडे वळताना धावपट्टी त्याच्या खिडकीतून दिसत राहते.

डावीकडे वळण्याचा हा नियम बिरसीला आहे, तसाच केनियात आणि ब्राझीलमध्येही आहे. ७ डिसेंबर १९४४ रोजी शिकागोत आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतुकीचा करार झाला आणि ४ एप्रिल १९४७ पासून तो लागू झाला. त्यातून मॉन्ट्रियलची ‘इकाओ’ ही संघटना उभी राहिली. आज तिचे १९३ सदस्य देश आहेत. कराराला १९ परिशिष्टं जोडलेली आहेत. परवान्यांचं पहिलं, उड्डाणाच्या नियमांचं दुसरं, अपघाताच्या चौकशीचं तेरावं. आपल्याकडे १९३४ च्या विमान कायद्याच्या जागी आता भारतीय वायुयान अधिनियम, २०२४ आला आहे आणि वैमानिकाच्या परवान्याची परीक्षा घेते डीजीसीए, म्हणजे नागरी विमान वाहतूक महासंचालनालय. ‘एअर रेग्युलेशन्स’च्या पेपरला पास व्हायला ७० टक्के लागतात. मुलं तो पाठ करून काढतात आणि तिथेच घोटाळा होतो. कारण या पेपरातला जवळपास प्रत्येक आकडा कुठल्या तरी हिशेबातून आलेला आहे. तो हिशेब कळला की पाठ करायला फारसं उरत नाही.

दिव्यांचंच घ्या. विमानाच्या डाव्या पंखाच्या टोकाला लाल दिवा, उजव्याला हिरवा आणि शेपटीला पांढरा. लाल दिवा नाकापासून डावीकडे ११० अंशांपर्यंत दिसतो, हिरवा उजवीकडे ११० अंशांपर्यंत. उरलेल्या १४० अंशांत फक्त पांढरा दिसतो. तिन्ही मिळून पूर्ण ३६० अंश. आता रात्री समोर एक ठिपका दिसतोय. लाल असेल, तर तुम्हाला त्या विमानाची डावी बाजू दिसते आहे. म्हणजे ते तुमच्या उजवीकडून डावीकडे आडवं चाललं आहे. नियम सांगतो की दोन विमानांच्या वाटा एकमेकींना छेदत असतील, तर ज्याच्या उजव्या हाताला दुसरं विमान आहे त्याने वाट द्यायची. म्हणजे तुम्ही. हिरवा दिसला तर ते डावीकडून येतंय आणि वाट त्याने द्यायची आहे. लाल नि हिरवा दोन्ही एकदम दिसले, तर ते सरळ तुमच्या तोंडावर येतंय. अशा वेळी दोघांनीही उजवीकडे वळायचं. नुसता पांढरा दिसला, तर तुम्ही त्याच्या मागे आहात आणि पुढे काढायचं असेल तर त्याच्या उजव्या बाजूने काढायचं. ‘ओव्हरटेक’ची कायद्यातली व्याख्याही शेपटीपासून दोन्ही बाजूंना ७० अंशांच्या आतून येणं, अशीच आहे. सत्तर दुणे एकशे चाळीस. कायदा आणि दिवा एकाच मापाने कापले आहेत.

रस्त्यावर डावीकडून चालण्याची सवय लागलेल्या आपल्या पोरांना समोरासमोर उजवीकडे वळणं सुरुवातीला जड जातं. बाकी क्रम मात्र ओळखीचा वाटेल. पांदणीत रिकामी बंडी भरलेल्या बंडीला वाट देते, कारण भरलेली बंडी चाकोरीबाहेर निघू शकत नाही. आकाशातही ज्याला हलणं अवघड त्याचा मान मोठा : इंजिनाच्या विमानाने हवाई जहाजाला (म्हणजे इंजिन नि सुकाणू लावलेल्या मोठ्या फुग्याला), बिनइंजिनाच्या ग्लायडरला आणि साध्या फुग्याला वाट द्यायची, ग्लायडरने फुग्याला. साध्या फुग्याला सुकाणूच नाही, तेव्हा सगळ्यांनी त्याला जपायचं. बिरसीच्या आसपासच्या तलावांवर उतरणाऱ्या सारसांचं नाव या यादीत नाही, पण त्यांना चुकवण्याची जबाबदारी कुणाची, हे सांगायला नकोच.

यातली सगळ्यात धोक्याची गोष्ट म्हणजे न हलणारा ठिपका. जे विमान काचेवरून सरकताना दिसतं, ते तुमच्या पुढून किंवा मागून निघून जाणार असतं. जे काचेवर एकाच जागी चिकटून राहतं आणि फक्त मोठं होत जातं, त्याच्याशीच टक्कर ठरलेली असते. आपली नजर मात्र हलत्या वस्तूकडे वळते, स्थिर वस्तू तिच्यातून निसटते. छोट्या विमानाचा पंख या टोकापासून त्या टोकापर्यंत साधारण ११ मीटर. दोन विमानं प्रत्येकी १०० नॉटने, म्हणजे ताशी १८५ किलोमीटरने समोरासमोर येत असतील, तर त्यांच्यातलं अंतर सेकंदाला १०३ मीटरने घटतं. दिसणं, ओळखणं, धोका आहे हे समजणं, हात हलणं आणि विमानाने वळणं, या सगळ्याला साधारण साडेबारा सेकंद धरतात. तेवढ्या वेळात १,३०० मीटर संपतात. इतक्या अंतरावरून तो ११ मीटरचा पंख केवढा दिसतो? हात लांब करून चिमटीत धरलेल्या तुरीच्या दाण्याएवढा. त्याच्या आत दिसून उपयोग नाही. म्हणून नजर एका जागी खिळवायची नाही. आकाशाचे दहा-दहा अंशांचे तुकडे पाडून प्रत्येकावर क्षणभर थांबत पुढे सरकायचं.

५ किलोमीटर दृश्यमानतेचा नियम इथूनच कळतो. नुसत्या नजरेने उडायचं, म्हणजे ‘व्हीएफआर’, तर १०,००० फुटांखाली किमान ५ किलोमीटर दिसलं पाहिजे. त्याच्या वर ८ किलोमीटर. नियंत्रित आकाशात, म्हणजे जिथे विमानं नियंत्रकाच्या सूचनेने चालतात तिथे, ढगापासून आडवं अंतर १,५०० मीटर, उभं १,००० फूट. दोन छोट्या विमानांना ५ किलोमीटर म्हणजे ४८ सेकंद. पण १०,००० फुटांखाली वेगाची सर्वसाधारण मर्यादा २५० नॉट आहे. त्या वेगाची दोन विमानं समोरासमोर आली, तर हेच ५ किलोमीटर १९ सेकंदांत संपतात. साडेबारा वजा केले की हातात उरतात जेमतेम सहा-सात. वर वेगाची ती मर्यादा उठते, म्हणून अंतर वाढवून आठ केलं. ढगापासूनचं अंतरही असंच : ढगातून यंत्राच्या भरवशावर बाहेर पडणाऱ्या विमानाला तुम्ही, आणि तुम्हाला ते, दिसायला काही सेकंद तरी मिळावेत.

डिसेंबर-जानेवारीत पूर्व विदर्भात हा नियम रोज सकाळी भेटतो. तलाव, बोड्या आणि ओल्या बांध्यांवर पहाटे धुकं बसतं, वर आकाश निरभ्र असतं. विमानातून खाली बघावं तर धावपट्टी स्वच्छ दिसते, कारण धुक्याची चादर पातळ आहे आणि आपण तिच्यातून उभं बघतोय. उतरायला लागलं की त्याच चादरीतून आडवं बघावं लागतं आणि धावपट्टी नाहीशी होते. ‘वरून तर दिसत होती’ या वाक्याने बऱ्याच चौकश्या सुरू होतात. नियंत्रित क्षेत्रात टॉवरने, म्हणजे विमानतळावरच्या नियंत्रकाने, खास परवानगी दिली तर १,५०० मीटर दृश्यमानतेतही उडता येतं, पण शिकाऊ वैमानिकाने ती मागू नये. सूर्य वर येऊन धुकं उठेपर्यंत चहा प्यावा.

आता उंची. वस्तीवरून जाताना ६०० मीटर परिघातल्या सर्वांत उंच अडथळ्याच्या १,००० फूट वर, आणि मोकळ्या रानावरून किमान ५०० फूट. फवारणीच्या ड्रोनला नकाशावरच्या हिरव्या, म्हणजे वेगळी परवानगी न लागणाऱ्या, क्षेत्रात ४०० फुटांपर्यंत मुभा आहे. विमानतळाच्या हद्दीपासून ८ ते १२ किलोमीटरच्या पट्ट्यात फक्त २०० फूट. म्हणजे सोयाबीनवर फिरणारा ड्रोन आणि वरचं विमान यांच्यात नियमाने फक्त १०० फुटांची फट आहे. आणि विमानातला उंचीमापक १०० फूट चुकणं मुळीच कठीण नाही.

कसं, ते बघा. उंचीमापक खरं तर हवेचा दाब मोजतो आणि त्याचं फुटांत भाषांतर करतो. जमिनीजवळ १ हेक्टापास्कल म्हणजे सुमारे २७ फूट. टॉवरने दिलेला समुद्रसपाटीचा दाब, ज्याला ‘क्यूएनएच’ म्हणतात, तो खुंटी फिरवून लावला की जमिनीवर उभ्या विमानात काट्याने विमानतळाची समुद्रसपाटीपासूनची उंची दाखवायला हवी. नागपूर काय, गोंदिया काय, सुमारे १,००० फूट. काटा तसं दाखवत नसेल तर खुंटी चुकली किंवा यंत्र. आपल्याकडे हवेचा दाब रोज हेलकावतो : सकाळी दहाच्या सुमाराला सर्वांत जास्त, दुपारी चारच्या सुमाराला सर्वांत कमी, आणि उन्हाळ्यात हा फरक सहज ४ हेक्टापास्कलचा असतो. सकाळी दहाला खुंटी लावून निघालेला आणि मधे न बदलता चारला परतलेला शिकाऊ सर्किटमध्ये २,००० फुटांवर, म्हणजे जमिनीपासून १,००० फुटांवर, आहे असं काटा सांगतो, पण प्रत्यक्षात तो जमिनीपासून ९०० च्या खाली असतो. दाब घटला आणि खुंटी तशीच राहिली की काटा नेहमी खोटा दिलासा देतो.

उंचावर एक पाऊल पुढे. तासाला ८०० किलोमीटर जाणारं विमान दर काही मिनिटांनी नव्या जिल्ह्याचा दाब कुठे लावत बसणार? म्हणून ठरावीक उंचीनंतर सगळ्यांनी एकच आकडा लावायचा : १०१३.२५. तो खरा असो वा नसो, चूक सगळ्यांची सारखी होते आणि दोन विमानांतलं अंतर कायम राहतं. मग वाटणी होते दिशेप्रमाणे. होकायंत्रावर ० ते १७९ अंशांकडे, म्हणजे पूर्वेच्या बाजूला, जाणारे विषम हजारांवर, १८० ते ३५९ कडे, म्हणजे पश्चिमेच्या बाजूला, जाणारे सम हजारांवर. नजरेने उडणारे त्यात आणखी ५०० मिळवतात. नागपूरहून कोलकात्याला ३५,००० फूट, मुंबईला ३६,०००. गंमत दक्षिणेला येते. चेन्नई आणि हैदराबाद दोन्ही नागपूरच्या दक्षिणेला. पण सरळ रेष ओढली तर चेन्नई १८० अंशांच्या किंचित अलीकडे पडतं आणि हैदराबाद किंचित पलीकडे. म्हणून एक विषम, दुसरं सम. पूर्वी २९,००० फुटांच्या वर ही अंतरं २,००० फुटांची होती. नोव्हेंबर २००३ पासून भारतात ४१,००० फुटांपर्यंत ती १,००० वर आली, कारण उंचीमापक तेवढे अचूक झाले.

हजार फुटांची ही वाटणी मोडली की काय होतं, ते १२ नोव्हेंबर १९९६ ला चरखी दादरीवर दिसलं. दिल्लीहून निघालेलं सौदी विमान १४,००० फुटांवर होतं. कझाक विमानाला १५,००० वर थांबायला सांगितलं होतं आणि ते खाली घसरत गेलं. ३४९ माणसं गेली. त्यानंतर आपल्याकडे टक्कर टाळणारं ‘टीकॅस’ यंत्र सक्तीचं झालं. या यंत्राबद्दलचा एक नियम तर रक्ताने लिहिलेला आहे. १ जुलै २००२ ला जर्मनीतल्या युबर्लिंगेनवर एका विमानाला टीकॅस ‘वर जा’ म्हणत होतं आणि नियंत्रक ‘खाली ये’ म्हणत होता. वैमानिकांनी नियंत्रकाचं ऐकलं. ७१ मृत्यू. तेव्हापासून टीकॅसचा आदेश आणि टॉवरचा शब्द यांत विरोध आला तर टीकॅसचंच ऐकायचं, हे निर्विवाद झालं.

रेडिओवरच्या बोलण्याला मराठी माध्यमातली मुलं उगाच घाबरतात. इकाओच्या इंग्रजी चाचणीत चौथी पातळी पुरते आणि ती दर तीन वर्षांनी पुन्हा द्यावी लागते. उच्चारावर गावाची छाप असली तरी चालते, समजण्यात वारंवार अडथळा आला नाही म्हणजे झालं. उलट, इकाओने स्वतःच ‘थ्री’चं ‘ट्री’ आणि ‘थाउजंड’चं ‘टाउजंड’ करून ठेवलंय; इथे आपली पोरं आधीच पास आहेत. खरी चूक वेगळीच असते. धावपट्टीत शिरणं, ती ओलांडणं, तिच्याआधी थांबणं, उंची, दिशा, दाब, यातलं काहीही सांगितलं की ते शब्दशः परत म्हणून दाखवायचं असतं. नुसतं ‘रॉजर’ म्हटलं तर ‘ऐकू आलं’ एवढंच कळतं, काय ऐकू आलं ते कळत नाही. आणि ‘टेक-ऑफ’ हा शब्द प्रत्यक्ष उड्डाणाची परवानगी देताना किंवा रद्द करतानाच वापरतात; एरवी ‘डिपार्चर’ म्हणायचं. २७ मार्च १९७७ ला टेनेरिफच्या धुक्यात दोन जम्बो जेट धावपट्टीवरच आदळली आणि ५८३ जण गेले, त्यात या शब्दाच्या गोंधळाचा वाटा होता.

रेडिओच बंद पडला तर? ट्रान्सपाँडरवर, म्हणजे रडारला विमानाची ओळख कळवणाऱ्या यंत्रावर, ७६०० लावायचं, सर्किटमध्ये यायचं आणि टॉवरच्या काचेकडे बघायचं. तिथून बंदुकीसारख्या दिव्याने खुणा येतात. स्थिर हिरवा : उतरा. स्थिर लाल : दुसऱ्याला वाट द्या, घिरट्या घालत राहा. लुकलुकता हिरवा : उतरण्यासाठी परत या, पण उतरायची परवानगी अजून मिळालेली नाही. शिकाऊ वैमानिकांची गफलत याच खुणेवर होते. हिरवा दिसला की ते सरळ खाली येतात. लुकलुकता लाल : विमानतळ सुरक्षित नाही, उतरू नका. खूण कळली हे सांगायला दिवसा पंख हलवायचे, रात्री उतरण्याचे दिवे दोनदा लावायचे-विझवायचे. एखाद्या सकाळी बांधीतल्या कुणाला सर्किटमधलं विमान दोन्ही पंख डावीकडे-उजवीकडे झुलवताना दिसलं, तर कदाचित आत बसलेलं पोरगं टॉवरला सांगत असेल, दिसला तुमचा दिवा.