'रेड व्हर्सेस ब्लू'मधील पात्रे

'हेलो' या अमेरिकी नेमबाजीच्या व्हिडिओ गेमचा आधार घेऊन टेक्सस राज्यातील ऑस्टिन शहरच्या काही हौशी मंडळींनी १ एप्रिल २००३ पासून इंटरनेटवर प्रसृत केलेल्या 'रेड व्हर्सेस ब्लू' या विनोदी चित्रमालिकेतील सैनिक, यंत्रमानव आणि संगणकीय बुद्धी यांचा परिवार. मालिकेचा विषय युद्ध असला, तरी तिच्यातील फारच थोडा वेळ युद्धात जातो. दोन-तीन सैनिक उन्हात उभे राहून कशावरून तरी हुज्जत घालत असतात आणि पात्रे घडतात ती या हुज्जतीतूनच.

बर्नी बर्न्स, मॅट हलम, जेफ रॅम्झी, गस सोरोला आणि जोएल हेमन या मित्रांनी 'रूस्टर टीथ' या नावाने ही मालिका सुरू केली. मूळ बेत सहा ते आठ छोट्या भागांचा होता. प्रत्यक्षात 'ब्लड गल्च क्रॉनिकल्स' या पहिल्या कथानकाचेच पाच पर्वांत मिळून १०० भाग झाले व ते जून २००७ मध्ये संपले. पुढे वेगवेगळ्या लेखकांच्या हाती जात मालिका २०२४ पर्यंत एकोणीस पर्वे चालली. गेमची निर्माती बंजी ही कंपनी आणि तिची तेव्हाची मालक मायक्रोसॉफ्ट यांनी या उद्योगाला आडकाठी केली नाही. उलट परवान्याचे शुल्क न घेता तो चालू ठेवण्याची मुभा दिली. ही मुभा मिळाली नसती, तर यांतील बहुतेक पात्रे पहिल्या पर्वातच संपली असती.

गेमच्या आत चित्रण करून कथा सांगण्याच्या या पद्धतीला 'मशिनिमा' म्हणतात. तीत जुळवून घ्याव्या लागलेल्या अडचणी समजल्याशिवाय या पात्रांचे स्वरूप उलगडत नाही. अनेक एक्सबॉक्स यंत्रे एकमेकांना जोडून प्रत्येक पात्र एकेक खेळाडू चालवीत असे, आणि आणखी एका खेळाडूच्या पडद्यावर जे दिसेल ते ध्वनिचित्रमुद्रित केले जाई, म्हणजे तो खेळाडूच कॅमेरा होई. त्याच्या पडद्यावरची गेमची चिन्हे लपावीत म्हणून चित्राच्या वर-खाली काळ्या पट्ट्या घातल्या जात. संवाद आधीच ध्वनिमुद्रित केलेले असत. खेळाडूंचे काम ते ऐकत आपल्या पात्राची मान तालात हलविण्याचे. गेममधील सर्व सैनिकांच्या तोंडावर बंद शिरस्त्राण असल्यामुळे ओठ, डोळे, भुवया यांपैकी काहीच उपलब्ध नव्हते. ज्याची मान डोलते तो बोलतो आहे, एवढी एकच खूण प्रेक्षकाजवळ उरे. कळसूत्री बाहुलीला निदान रंगवलेला चेहरा असतो, इथे तोही नाही.

पहिल्या 'हेलो'मध्ये बंदूक सतत समोर रोखलेलीच राही, त्यामुळे दोन मित्र गप्पा मारताना एकमेकांवर नेम धरून उभे आहेत असे दिसे. हातात पिस्तूल असताना खेळाडूने खाली नेम धरला, तर इतरांना त्याचे शस्त्र खाली झुकलेले पण मान सरळ असलेली दिसते, हा गेममधील एक दोष या मंडळींच्या ध्यानात आला आणि त्यांनी त्याचाच उपयोग करून सैनिकांना सैल उभे राहायला शिकवले. पुढे २००४ च्या 'हेलो २'मध्ये बंजीने शस्त्र खाली घेण्याची सोयच देऊन टाकली.

चेहरा नाही, हावभाव नाहीत आणि देहयष्टी सगळ्यांची एकच, अशा स्थितीत पात्र वेगळे करण्याची साधने तीनच उरतात : चिलखताचा रंग, आवाज आणि बोलण्याची तऱ्हा. रंगाने ओळख पटते, पण स्वभाव उभा करण्याचे काम आवाजावरच पडते. त्यामुळे ही पात्रे पाहण्यापेक्षा श्रुतिकेतल्यासारखी ऐकण्याची आहेत. रंगाची ही निकड लेखकांनी विनोदातही वापरली. लाल तुकडीत ठळक लाल रंग केवळ नायकाला मिळतो, बाकीच्यांना तपकिरी, नारिंगी अशा छटांवर समाधान मानावे लागते. डोनट या नव्या सैनिकाला मिळालेले चिलखत तर उघडउघड गुलाबी आहे, पण तो अखेरपर्यंत त्याला 'फिकट लाल' म्हणतो.

कथेचे मूळ ठिकाण 'ब्लड गल्च' ही सर्व बाजूंनी कड्यांनी वेढलेली घळ आहे. तिच्या एका टोकाला लाल तळ आहे आणि दुसऱ्या टोकाला निळा. पहिल्याच भागात लाल तुकडीतला सिमन्स ग्रिफ या आपल्या सोबत्याला आपण इथे का आहोत असे विचारतो. प्रश्न आयुष्याविषयी आहे असे समजून ग्रिफ तत्त्वचिंतन सुरू करतो. सिमन्सला मात्र एवढेच विचारायचे असते, की या ओसाड घळीत तळ ठेवण्याचे कारण काय. निळ्यांचा तळ तिथे आहे म्हणून आपला इथे आहे आणि आपला इथे आहे म्हणून त्यांचा तिथे, याखेरीज कारण सापडत नाही. सगळी मालिका या उत्तराच्या आसपास फिरते.

लाल तुकडीचा नायक सार्ज हा दक्षिणेकडच्या हेलात बोलणारा, शॉटगन जवळ बाळगणारा कडवा सैनिक आहे. त्याला आवाज मॅट हलम यांनी दिला. निळ्यांविषयीच्या त्याच्या द्वेषापेक्षा ग्रिफविषयीचा द्वेष अधिक जिवंत आहे, आणि त्याच्या बहुतेक व्यूहरचनांत ग्रिफचा मृत्यू हे एक कलम असतेच. ग्रिफ कामचुकार, खादाड व झोपाळू आहे, पण वरिष्ठांच्या आज्ञेतला फोलपणा सर्वांत आधी त्यालाच दिसतो. सिमन्स हा अस्सल होयबा असून सार्जची मर्जी हेच त्याचे ध्येय आहे. रॅम्झी आणि सोरोला यांच्या आवाजांतील ग्रिफ-सिमन्स जोडीचे उभ्या उभ्या चाललेले कुरकुरणे हा पहिल्या पाच पर्वांचा कणा आहे. जीपला सार्जने दिलेले 'वॉर्थॉग' हे नाव योग्य की तिला 'प्यूमा' म्हणावे, हा सार्ज आणि ग्रिफ यांच्यातील वाद आजही चाहत्यांच्या तोंडी आहे. रणगाड्याखाली चिरडलेल्या ग्रिफला वाचविण्यासाठी सार्ज सिमन्सचे अवयव काढून त्याला बसवतो आणि सिमन्सला अर्धा यंत्रमानव करतो. एवढी उलथापालथ होऊनही चिलखतामुळे बाहेरून तसूभर फरक दिसत नाही.

याच तुकडीतील लोपेझ हा सार्जने बनविलेला यंत्रमानव बिघाडामुळे फक्त स्पॅनिश बोलतो. तुकडीत ती भाषा कुणालाच येत नाही, प्रेक्षकाला मात्र तळाशी इंग्रजी ओळी वाचायला मिळतात. त्यामुळे सर्वांत शहाणा माणूस कोण आणि त्याचे कुणीच का ऐकत नाही, हे प्रेक्षकाला कळते आणि पात्रांना कळत नाही. डोनटच्या वाट्याला नवशिक्याची थट्टा येते. अस्तित्वात नसलेल्या वस्तू आणायला दुकानात पाठविलेला हा सांगकाम्या निळ्यांच्या तळालाच दुकान समजतो आणि तेथून चक्क त्यांचा झेंडा घेऊन परततो. लाल तुकडीची पहिल्या पर्वातली सर्वांत मोठी लष्करी कामगिरी ती हीच.

निळ्यांकडे चर्च, टकर आणि कबूस अशी त्रयी आहे. बर्न्स यांच्या आवाजातला चर्च शीघ्रकोपी, शिवराळ आणि नेमबाजीत अगदी कच्चा आहे, तरीही दूरच्या नेमाची रायफल तो दुसऱ्याच्या हाती देत नाही. म्हणून शेजारी उभ्या टकरला पलीकडचे काय करताहेत हे सतत त्यालाच विचारावे लागते. जेसन सल्डान्या यांनी रंगविलेला टकर चावट आहे, कोणत्याही वाक्यातून तो अश्लील अर्थ काढू शकतो. कबूस प्रथम केवळ भाबडा नवशिक्या होता, पण हळूहळू त्याचे तर्कशास्त्रच इतरांहून निराळे झाले. जोएल हेमन यांनी त्याची वाक्ये सावकाश, पूर्ण विश्वासाने म्हटली आहेत, आणि त्यामुळे तो मूर्ख वाटण्याऐवजी वेगळ्याच जगात राहणारा वाटतो. इंग्रजीत 'कबूस' म्हणजे मालगाडीच्या शेवटी असणारा गार्डचा डबा, आणि हे नाव त्याला शोभते. रणगाड्यातून चुकून गोळा झाडून तो चर्चला ठार करतो, तरी चर्च आपला जिवलग मित्र आहे याबद्दल त्याच्या मनात कधीच शंका येत नाही. दुसऱ्या पर्वात इतर पात्रे कबूसच्या मनात शिरतात तेव्हा तिथला सार्ज चाच्यासारखा बोलतो आणि डोनट स्त्री असतो, कारण कबूसची त्यांच्याविषयी समजूतच तशी आहे. एका पात्राच्या डोक्यातून बाकीची पात्रे दाखविण्याची ही युक्ती मालिकेतील उत्तम लेखनाचा नमुना मानता येईल.

दोन्ही गोटांबाहेरच्या पात्रांत काळ्या चिलखतातील भाडोत्री योद्धा टेक्स महत्त्वाची. आरंभी तिचा आवाज बदलून जाडाभरडा केलेला असल्याने ती स्त्री आहे आणि चर्चची जुनी प्रेयसी आहे हे उशिरा कळते. हा धक्का चेहरे दिसणाऱ्या मालिकेत देता आला नसता. निळ्यांचा रणगाडा शीला हा बायकी आवाजात अदबीने बोलतो. जांभळ्या चिलखतातला डॉक हा अहिंसावादी वैद्यक दोन्ही बाजूंसाठी मिळून एकच पाठविलेला असतो आणि तो दोन्ही बाजूंना नकोसा असतो. त्याच्यात ओमॅली नावाची दुष्ट संगणकीय बुद्धी संचारल्यावर एकाच शिरस्त्राणातून दोन आवाज आळीपाळीने येतात. ग्रिफची बहीण नेमकी निळ्यांच्या तळावर येते. दोन्ही तुकड्यांना दूरसंदेशावरून हुकूम देणारा व्हिक हा एकच असामी आहे, ही गंमत सुरुवातीला केवळ लष्करी नोकरशाहीची टिंगल वाटते.

२००८ च्या 'रिकन्स्ट्रक्शन' या सहाव्या पर्वात मात्र या टिंगलीला कारण मिळाले. लाल-निळे युद्ध खोटे होते. अमेरिकी राज्यांची नावे धारण करणाऱ्या 'फ्रीलान्सर' योद्ध्यांच्या प्रकल्पात सरावासाठी या तुकड्या ठेवलेल्या होत्या. त्या प्रकल्पाला एकच कृत्रिम बुद्धी मिळाली होती. अधिक हव्यात म्हणून संचालकाने तिचा मानसिक छळ केला, आणि तो सहन करताना तिने स्वतःचे तर्क, संताप, कपट, महत्त्वाकांक्षा, विश्वास असे तुकडे तोडून दूर सारले. उरलेला गाभा, अल्फा, ब्लड गल्चमध्ये दडवून ठेवण्यात आला. तो गाभा म्हणजेच चर्च. पहिल्या पर्वात मेल्यावर तो पांढऱ्या भुताच्या रूपाने परत येतो आणि सगळे ते मुकाट्याने मान्य करतात, हा पाच वर्षे चाललेला विनोद होता. भूत नावाची गोष्ट नसते असे फ्रीलान्सरांपैकी वॉशिंग्टन त्याला सांगतो, तेव्हा त्याच विनोदाचे दुःखात रूपांतर होते. टेक्सचेही तसेच. ती संचालकाच्या मृत प्रेयसीच्या आठवणीतून निपजलेली असल्याने, आणि त्या आठवणीत तिचे अपयशच ठळक असल्याने, ऐन विजयाच्या क्षणी हरणे हा तिचा स्वभाव ठरतो. डोनटने दुरून फेकलेल्या एका बाँबने तिचा झालेला अंतही मागे वळून पाहता निराळा दिसू लागतो. जुन्या थट्टा न पुसता त्यांना नवा अर्थ देण्याचे हे काम विनोदी मालिकेत क्वचितच इतक्या नेटकेपणाने झाले असेल.

याच पर्वात आलेला एजंट वॉशिंग्टन हा शॅनन मॅकॉर्मिक यांच्या कोरड्या आवाजातला गंभीर सैनिक असून, या खुळ्यांच्या मेळ्यात त्याचे गांभीर्यच हास्यास्पद ठरते. शत्रू म्हणून परतलेला हा माणूस शेवटी चर्चचे निळे चिलखत चढवून निळ्यांत सामील होतो. रंग बदलला की माणूस बदलला, हे मालिकेचे जुने गृहीतक इथे कथानकातच वापरलेले आहे. २०१० पासून माँटी ऊम यांच्या स्वतंत्र सजीवीकरणामुळे (अॅनिमेशनमुळे) पात्रे गेमच्या हालचालींपलीकडे जाऊन लढू लागली. नवव्या व दहाव्या पर्वांतील फ्रीलान्सरांची पूर्वकथा आणि संचालकाची मुलगी कॅरोलायना हे या बदलाचे फलित होय. दहाव्या पर्वात अल्फापासून तुटलेल्या सिग्मा या बुद्धीला चित्रपट अभिनेते इलायजा वुड यांनी आवाज दिला. ही दृश्ये नेत्रदीपक आहेत यात वाद नाही, परंतु हात-पाय मोकळे झालेली पात्रे बोलण्यात तितकी तिखट राहिली नाहीत, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. माइल्स लूना यांनी लिहिलेल्या अकरा ते तेरा या पर्वांत टकरकडे नेतृत्व देऊन हा तोल बऱ्याच अंशी सावरला गेला. तेराव्याच्या अखेरीस, २०१५ मध्ये, चर्चच्या स्मृतीचा अंश असलेला एप्सिलॉन मित्रांना लढता यावे म्हणून स्वतःचे तुकडे करून घेतो. छळामुळे जे लादले गेले होते, ते इथे स्वखुशीने होते.

मार्च २०२४ मध्ये वॉर्नर ब्रदर्स डिस्कव्हरी या मालक कंपनीने रूस्टर टीथ बंद करण्याचे जाहीर केले आणि 'रिस्टोरेशन' हे शेवटचे पर्व त्याच वर्षी मे महिन्यात आले. त्यापूर्वीच ही पात्रे ज्या गेममधून निघाली त्या गेममध्ये परतली होती. २००७ च्या 'हेलो ३'मध्ये एका बंद दारापाशी परवलीचा शब्द विचारणाऱ्या आणि तो न सांगणाऱ्या सैनिकांचा वाद ऐकू येतो. त्यांना आवाज याच मंडळींचे आहेत, आणि खेळाची काठिण्यपातळी बदलली की वादही बदलतो. सार्जने चौथ्या पर्वात थट्टेने उल्लेखिलेला 'ग्रिफबॉल' हा खेळ बर्न्स यांनी 'हेलो ३'मध्ये खरोखरच रचला. त्यात बाँब उचलून प्रतिपक्षाच्या गोलात नेऊन ठेवायचा असतो, आणि जो खेळाडू तो उचलतो त्याचे चिलखत तेवढ्यापुरते ग्रिफसारखे नारिंगी होते, म्हणजे बाकीच्यांनी कुणाला मारायचे ते लगेच कळते.