रणगाडा आणि बीएमपी : दिसण्यातले साम्य, कामातला फरक

भारतीय लष्कराच्या ज्या दोन शाखांची वाहने सामान्य माणूस हमखास एकमेकांत मिसळतो, त्या दोन्हींची प्रशिक्षण केंद्रे अहिल्यानगरातच आहेत. चिलखती दलाचे केंद्र व विद्यालय तेथे १९४८ पासून आहे आणि यंत्रसज्ज पायदळ रेजिमेंटचे केंद्रही त्याच शहरात आहे. पहिल्या शाखेचे वाहन रणगाडा, तर दुसरीचे बीएमपी, म्हणजे पायदळाची तुकडी सोबत नेणारे रशियन बनावटीचे चिलखती लढाऊ वाहन. वृत्तपत्रांतील छायाचित्रांखाली मात्र साखळीपट्ट्यांवर चालणारे आणि पुढे नळी असलेले प्रत्येक वाहन सर्रास ‘रणगाडा’ ठरते. एरवी या चुकीने कोणाचे फारसे बिघडत नाही. पण लष्कराच्या आधुनिकीकरणाच्या बातम्या वाचताना याच गोंधळामुळे कोणता खर्च कशासाठी होत आहे हे कळेनासे होते.

टी-७२ हा रणगाडा सुमारे ४१ टनांचा आहे. त्याची तोफ १२५ मिलिमीटरची असून तिच्यात गोळा यंत्राने भरला जातो. त्यामुळे आत कमांडर, तोफची आणि चालक असे तिघेच बसतात. समोरच्या जाड चिलखतावर शत्रूचा मारा झेलत त्याचे रणगाडे आणि मोर्चे फोडणे, हे त्याचे काम. बीएमपी-२ साधारण १४ टनांची आहे. तिच्यावर ३० मिलिमीटरची जलद मारा करणारी तोफ आणि रणगाडाभेदी क्षेपणास्त्र असते, ती पाण्यावर तरंगत नदी ओलांडते, आणि तिघा चालक-तोफचींखेरीज तिच्या मागच्या भागात सात सैनिक बसतात. हे सात जण मागच्या दारांतून उतरून पायी लढतात. वाहन आणि त्यावरची तोफ त्यांच्या मदतीसाठी आहे. चिलखत बंदुकीच्या गोळ्या व तोफगोळ्यांचे तुकडे अडवण्यापुरतेच असल्याने रणगाड्याच्या गोळ्यासमोर ही गाडी उभी करणे म्हणजे आतल्या दहाही जणांचा जीव धोक्यात घालणे होय.

ओळखायचे कसे, यावर वजन, तोफ किंवा मागचे दार अशी उत्तरे सुचतात. पण यांतली एकही खूण पुरती भरवशाची नाही. १९७१ च्या युद्धात गरीबपूर येथे लढलेले पीटी-७६ हे हलके रणगाडे बीएमपीइतकेच, म्हणजे सुमारे १४ टनांचे होते आणि तेही पाण्यात तरंगत असत. इस्राएलच्या मेर्काव्हा रणगाड्याचे इंजिन पुढे आणि दार मागे आहे, तरीही तो निःसंशय रणगाडाच आहे. म्हणून प्रश्न एकच विचारावा : हे वाहन लढणाऱ्या पायदळाची तुकडी सोबत नेण्यासाठी बांधले आहे का? उत्तर ‘होय’ असेल, तर वरच्या तोफेचा आकार कितीही भुलवणारा असो, ते पायदळाचे लढाऊ वाहन आहे.

या दोघांना एकमेकांची गरज का असते, हे ऑक्टोबर १९७३ च्या इजिप्त-इस्राएल युद्धात सिनाईच्या वाळवंटात दिसले. पायदळाची पुरेशी सोबत न घेता पुढे घुसलेल्या इस्राएली रणगाड्यांना इजिप्तच्या साध्या पायदळाने खांद्यावरील रॉकेटांनी आणि तारेने नियंत्रित होणाऱ्या रशियन क्षेपणास्त्रांनी टिपले. खड्ड्यात दबा धरून बसलेला एकटा सैनिक रणगाड्यातून सहसा दिसत नाही. त्याला हुडकायला जमिनीवर उतरलेली माणसे लागतात. उलट बाजूचा धडा १९९४-९५ च्या सुमारास चेचन्याची राजधानी ग्रोझ्नी येथे मिळाला. तेथे रशियन रणगाडे आणि बीएमपी दोन्ही होते, परंतु पायदळ वेळेवर उतरून इमारती ताब्यात घेत नसल्यामुळे वाहनांच्या रांगा गल्ल्यांतच अडकून जळाल्या. म्हणजे वाहने जवळ असून भागत नाही, ती एकत्र वापरण्याचा सराव लागतो. भारतात १९७९ मध्ये यंत्रसज्ज पायदळाची स्वतंत्र रेजिमेंट उभी राहिली, तिच्यामागे हाच विचार होता, आणि त्याचे श्रेय प्रामुख्याने पुढे लष्करप्रमुख झालेले जनरल के. सुंदरजी यांना दिले जाते.

आता आधुनिकीकरणाकडे वळू. रणगाड्याच्या सुधारणेत शक्ती, दारूगोळा आणि चिलखत हे विषय पुढे असतात. टी-७२ चे मूळ इंजिन ७८० अश्वशक्तीचे, म्हणजे टनामागे सुमारे १९ अश्वशक्तीचे आहे. त्याऐवजी १,००० अश्वशक्तीचे इंजिन बसवले की हे प्रमाण २४ च्या आसपास जाते. अशा इंजिनांसाठी मार्च २०२५ मध्ये रशियन कंपनीशी सुमारे २४.८ कोटी डॉलरचा करार झाला. उंचावरच्या विरळ हवेत इंजिनाची ताकद घटते, त्यामुळे २०२० नंतर लडाखमध्ये रणगाडे उभे करणाऱ्या लष्कराला या फरकाचे मोल वेगळे सांगावे लागत नाही. त्याच उंचीसाठी सुमारे २५ टनांचा ‘जोरावर’ हा हलका रणगाडा आखला गेला आणि जुलै २०२४ मध्ये हजिरा येथे तो समोर आला. वजनाने हलका, तरी तोही रणगाडाच. त्यात पायदळाची तुकडी बसत नाही.

बीएमपीच्या सुधारणेत मात्र नजरेला अग्रक्रम आहे. १९८७ पासून मेदक येथे ‘सारथ’ या नावाने बनत आलेल्या या गाडीची रात्री पाहण्याची क्षमता तोकडी होती. फेब्रुवारी २०२४ मध्ये ६९३ गाड्यांच्या शस्त्रप्रणालीच्या सुधारणेचा जो करार झाला, त्यात रात्रीही चालणाऱ्या दुर्बिणी, कमांडरसाठी चौफेर पाहणारे साधन आणि लक्ष्याचा आपोआप माग काढणारी यंत्रणा आहे. चिलखत फारसे वाढवता येत नाही, कारण वजन वाढले की गाडी तरंगणे सोडते. शत्रूला आधी हेरणे, हेच तिचे मोठे संरक्षण आहे.

माझ्या मते भारतातील चर्चा रणगाड्याकडे नको तितकी झुकलेली आहे. टी-७२ च्या जागी येणाऱ्या भावी रणगाड्याला सप्टेंबर २०२४ मध्ये तत्त्वतः मंजुरी मिळाली आणि त्याचा गाजावाजा झाला. बीएमपीच्या जागी नवे पायदळ लढाऊ वाहन आणण्याचा विचार मात्र दीड दशकाहून अधिक काळ रेंगाळला आहे. दरम्यान अहिल्यानगरच्याच वाहन संशोधन व विकास आस्थापनेने टाटा समूहासोबत आठ चाकांचे, पाण्यातही चालणारे चिलखती वाहन विकसित केले, आणि त्याच्या उत्पादनासाठी सप्टेंबर २०२५ मध्ये थेट मोरोक्कोत कारखाना सुरू झाला. मात्र पक्क्या रस्त्यावर वेगाने धावणारी चाके वाळूत आणि चिखलात साखळीपट्ट्यांची बरोबरी करत नाहीत, त्यामुळे वाळवंटात रणगाड्यांच्या जोडीने जायचे असेल तेथे या वाहनावर बीएमपीचे काम सोपवता येणार नाही.